मादाम ओदेतचा गुरुवार

न पाहिलेला एक चित्रपट नीरजा रिसबूडांना तोंडपाठ होता. ‘मादाम ओदेतचा गुरुवार’ हे त्याचं नाव. चित्रपट फ्रेंच, साल एकोणीसशे चौऱ्याहत्तर, आणि प्रकार असा की त्यांचे यजमान दीनानाथ ‘प्रौढांसाठीचा’ हा शब्द आवंढा गिळून उच्चारायचे आणि लगेच ‘पण त्याला सांस्कृतिक पार्श्वभूमी आहे’ असं जोडायचे. ही पार्श्वभूमी नीरजाताईंनी पाहुण्यांसमोर ऐकली होती, मुंजीच्या पंगतीत ऐकली होती, तळजाईच्या टेकडीवर धापा टाकत ऐकली होती, आणि एकदा दाताच्या डॉक्टरकडे दीनानाथांच्या तोंडात कापूस असतानाही ऐकली होती. फ्रान्समध्ये त्या वर्षी सेन्सॉरची कात्री कशी बोथट झाली, असले चित्रपट बघायला नवरा-बायको उजळ माथ्याने रांगेत कसे उभे राहिले, शेजारच्या स्पेनमधून बसगाड्या भरभरून लोक कसे आले, आणि पुढच्याच वर्षी सरकारने भरमसाट कर लावून हा सगळा प्रकार पुन्हा वेगळ्या थिएटरांत कसा कोंडला. मग दीनानाथ चष्मा काढायचे आणि आगगाडीवर यायचे. मादाम ओदेत शेवटी गाव सोडून आगगाडीत बसते, ती आगगाडी म्हणजे स्त्रीमुक्तीचं प्रतीक. एवढं बोलून ते क्षणभर थांबायचे, आणि नीरजाताई तेवढ्यात त्यांच्या पानात पोळी वाढायच्या.

चित्रपट मात्र त्यांनी पाहिला नव्हता, आणि का पाहिला नव्हता हे त्या विसरल्या नव्हत्या.

दीनानाथ तेव्हा कॉलेजात इतिहास शिकवायचे आणि उरलेला वेळ चित्ररसिक मंडळाचं चिटणीसपद सांभाळायचे. वकिलातींकडून परदेशी चित्रपट न कापता मिळायचे, त्यामुळे मंडळाकडे रसिकांची कधी वानवा नसायची. ज्यांना जन्मात कधी कॅमेरा कुठल्या कोनात लावला याच्याशी देणंघेणं नव्हतं, असेही लोक वर्गणी भरून रसिक झाले होते. नीरजाताईसुद्धा सभासद होत्या, पण चिटणिसांची बायको म्हणून नव्हे. बँकेतल्या पहिल्या पगारातून त्यांनी स्वतःच्या नावाने वर्गणी भरली होती, लग्नाच्याही आधी. दीनानाथांची ओळखही तिथलीच.

त्र्याऐंशी साली ‘गुरुवार’चे डबे पुण्यात आले तेव्हा कार्यकारिणीने ठराव केला, की चित्रपटाचं स्वरूप पाहता भगिनी सभासदांना प्रवेश देता येणार नाही. ठरावाचं नीरजाताईंच्या कानावर आलं होतं, पण त्यांना वाटलं, सभासद तो सभासद. रविवारी सकाळी कडक इस्त्रीची साडी नेसून त्या गेल्या. दारात छातीला बिल्ला लावून दीनानाथच उभे होते. लग्नाला दोन वर्षं झालेली, मागे पंधरा-वीस लोकांची रांग, आणि दीनानाथ त्यांच्याकडे न बघता म्हणाले, ‘आपल्याला आत सोडता येणार नाही.’ घरात ‘अगं’ म्हणणाऱ्या माणसाच्या तोंडचं ते ‘आपल्याला’ नीरजाताईंना इतकं झोंबलं की बस येईपर्यंत त्यांनी साडीचा पदर मुठीत आवळून धरला होता. दुपारी दीनानाथ घरी आले. दोन दिवस गप्प गप्प होते. तिसऱ्या दिवशी त्यांनी सांस्कृतिक पार्श्वभूमी सांगायला घेतली ती आजतागायत संपली नव्हती.

मग या वर्षी सलिलने बातमी आणली. सलिल हा मंडळाचा आताचा चिटणीस, खराडीला आयटीत नोकरी, तिशीचा, आणि मंडळातले बाकीचे बहुतेक सभासद गोळ्यांचे डबे बरोबर घेऊन फिरणारे असल्यामुळे सगळ्यांचाच लाडका. त्याने सांगितलं की ‘गुरुवार’ची साफसूफ करून नवी प्रत तयार झाली आहे, मालकांनी फक्त सभासदांसाठी एका खेळाची परवानगी दिली आहे, आणि मराठी उपशीर्षकं तो स्वतः बसवतो आहे. वर म्हणाला, ‘काका, कल्ट आहे तो आता. पॅरिसमध्ये मिडनाइट शो लागतात. लोक ओदेतसारखा पांढरा कोट घालून येतात आणि डायलॉग तिच्या आधी बोलतात.’ ज्या काळी तो आला त्या काळी समीक्षकांनी नाकं मुरडली होती, पुढे तिथल्या बायकांनीच तो डोक्यावर घेतला, असंही त्याने सांगितलं. नीरजाताईंनी मनाशी ताडलं की कीर्तनात बुवांच्या आधी श्रोतेच अभंग पुरा करतात, तसलं काहीतरी असावं.

या बातमीने दीनानाथ उड्या मारतील असं कुणालाही वाटलं असतं. त्यांचा चेहरा पडला. आधी म्हणाले, नव्या प्रतीत मूळ रंग राहत नाहीत. मग म्हणाले, उन्हाळ्यात लोक येत नाहीत. मग म्हणाले, आजच्या पिढीला तो संदर्भाशिवाय कळायचा नाही. सलिल म्हणाला, मग संदर्भ तुम्हीच द्या, आधी अर्धा तास बोला. दीनानाथांनी ‘अर्धा तास’ हे शब्द ऐकले नसावेत. त्या दिवसापासून त्यांच्या टेबलावर पुस्तकांचा ढीग वाढू लागला, आणि नीरजाताईंना वाटलं, हौस आहे, करू दे.

सलिलने त्यांना लिंक पाठवतो म्हणून सांगितलं होतं, घरीच लॅपटॉपवर बघा, काकू. नीरजाताईंनी नको म्हटलं. घरात दार लावून बघायला त्यांनी काही चोरी केली नव्हती. त्यांना तो दारातून आत जाऊन, पुढच्या रांगेत बसून, चार लोकांत, पहिल्यापासून शेवटपर्यंत पाहायचा होता. अडुसष्टाव्या वर्षी माणसाला नव्याने हवं असं फारसं काही उरत नाही, पण ही एक गोष्ट त्यांना इतकी हवी होती की त्यांचं त्यांनाच नवल वाटत होतं.

हॉल मिळेना. शहरातल्या तीन सभागृहांनी ‘फ्रेंच’ हा शब्द ऐकताच तारीख रिकामी नसल्याचं कळवलं, एकाने तर कुठली तारीख हवी ते विचारायच्या आधीच. शेवटी धायरीचे हिंमतराव पावले. हिंमतरावांच्या जमिनीवर आता तीन इमारती आणि एक मंगल कार्यालय उभं होतं, आणि कार्यालयाच्या वरच्या मजल्यावर वातानुकूलित हॉल. चित्रपटाचं नाव ऐकून त्यांनी विचारलं, ‘गुरुवारचं हाय म्हंजे दत्ताचं हाय का?’ सलिलने प्रामाणिकपणे सांगितलं की दत्ताचं नाही, प्रौढांचं आहे. हिंमतराव म्हणाले की मग सकाळीच उरका, कारण एक वाजता हॉल मोकळा पाहिजे, त्यांच्या पुतणीचा, ऋतुजाचा साखरपुडा तिथेच हाय. चित्रपट पावणेदोन तासांचा. दहाला सुरुवात, अर्धा तास व्याख्यान, म्हणजे सव्वाबाराला सगळं आटोपतं. हिशोब सरळ होता.

त्या रविवारी हॉल भरला. मंडळाच्या नेहमीच्या खेळाला सतरा माणसं आणि एक झोपलेला माणूस असायचा, आज मागे उभं राहायलाही जागा नव्हती. जो तो आल्या आल्या न विचारता सांगत होता की आपण व्याख्यानासाठी आलो. एक निवृत्त न्यायाधीश पुढे वही उघडून बसले होते. जोशी आडनावाच्या एका गृहस्थांनी सौभाग्यवतींना बरोबर आणलं होतं आणि ‘हिला इतिहासाची फार आवड’ असं तीन जणांना सांगितलं होतं, त्यावर सौभाग्यवतींनी तिन्ही वेळा ‘मला?’ असं विचारलं होतं. शेफाली नावाची एक कॉलेजातली मुलगी खरोखरच पांढरा कोट घालून आली होती. तिला दोघांनी पॅथॉलॉजीवाली समजून रिपोर्ट कधी मिळेल ते विचारलं.

नीरजाताई दारातून आत शिरल्या. कुणी अडवलं नाही. पहिल्या रांगेत मधल्या वाटेलगतची खुर्ची त्यांनी घेतली आणि पर्स मांडीवर ठेवली.

दहा वाजता दीनानाथ उभे राहिले आणि त्यांनी सतराशे एकोणनव्वदपासून सुरुवात केली.

फ्रेंच राज्यक्रांतीवर दीनानाथ उत्तम बोलतात, यात शंका नाही. नेपोलियनने बायकांना कायद्याने नवऱ्याच्या ताब्यात कसं दिलं, हे त्यांनी इतकं नीट सांगितलं की न्यायाधीशांची वही भराभर भरली. एकोणीसशे पासष्टपर्यंत तिथल्या लग्न झालेल्या बाईला नवऱ्याच्या परवानगीशिवाय बँकेत खातं उघडता येत नव्हतं, हे ऐकून हॉलमधल्या बायकांत कुजबुज झाली. बँकेत अडतीस वर्षं काढलेल्या नीरजाताईंना आपल्या नवऱ्याचा अभिमान वाटला. हा माणूस बोलतो छान, पण थांबायचं कुठं हे त्याला कुणी शिकवलं नाही, असंही त्यांना वाटलं.

मात्र हे पासष्ट साल दीनानाथांनी मध्येच, उदाहरणादाखल घेतलं होतं. त्यानंतर ते परत मागे गेले. अकरा वाजत आले तेव्हा ते पहिल्या महायुद्धात होते.

पुण्यात वक्त्याला बोलता बोलता थांबवण्याची पद्धत नाही. चिठ्ठी पाठवतात. सलिलने पाठवली. दीनानाथांनी ती वाचून, घडी घालून खिशात ठेवली आणि ‘आता दोनच मिनिटं’ असं म्हणून दुसऱ्या महायुद्धाकडे वळले. दुसरी चिठ्ठीही त्याच खिशात गेली. न्यायाधीशांनी घड्याळ कानाला लावून पाहिलं. जिन्यावरून झेंडूच्या माळांच्या टोपल्या वर येऊ लागल्या, आणि दारातून डोकावून हिंमतरावांनी सलिलला खुणेने विचारलं की पिक्चर कुठं हाय. सलिल घामाघूम झाला होता. त्याने नीरजाताईंच्या खुर्चीमागे वाकून सांगितलं, ‘काकू, अजून पाच-सात मिनिटं गेली तर शेवट कापावा लागेल. नाहीतर कॅन्सल.’

नीरजाताईंच्या तळपायाची आग मस्तकात गेली. म्हणजे याही वेळी नाही. तेव्हा बिल्ला लावून अडवलं, आता राज्यक्रांती लावून अडवतायत. आपण इतकी वर्षं या माणसाच्या पानात पोळ्या वाढत त्या आगगाडीचं कौतुक ऐकलं, आणि ती आगगाडी डोळ्यांनी बघायची वेळ आली तर हा माणूस रुळांवर आडवा पडलाय. त्यांना रडूही येत होतं आणि हसूही. इतकं बोलण्यासारखं आहे तरी काय, आणि नेमकं आजच?

व्यासपीठावर, समईशेजारी, वक्त्याच्या सत्कारासाठी ताम्हनात शाल, नारळ आणि गुलाबाचं फूल ठेवलेलं होतं. नीरजाताईंनी ते पाहिलं. पुणेकर वक्ता चिठ्ठीला भीक घालत नाही, घड्याळाला नाही, लोकांच्या जांभयांना तर नाहीच. पण आभारप्रदर्शन एकदा झालं की पुढे बोलायला कुणाची माय व्याली नाही. नीरजाताई उठल्या, पर्स खुर्चीवर ठेवली, तीन पायऱ्या चढल्या, आणि सूत्रसंचालनाचा दुसरा माइक हातात घेऊन म्हणाल्या, ‘आजच्या व्याख्यात्यांनी आपला बहुमोल वेळ काढून अतिशय अभ्यासपूर्ण विवेचन केलं, त्याबद्दल मी मंडळाच्या वतीने त्यांचे मनःपूर्वक आभार मानते.’

दीनानाथ ‘एकोणीसशे शेहेचाळीस साली’ असं म्हणून तोंड उघडं ठेवून थांबले. नीरजाताईंनी त्यांच्या खांद्यावर शाल घातली, एका हातात नारळ दिला आणि दुसऱ्यात फूल. दोन्ही हात भरल्यावर माणसाला टिपणं उलटता येत नाहीत. मग त्यांनी हॉलबद्दल हिंमतरावांचे आभार मानले, ध्वनिव्यवस्थेबद्दल मानले, खुर्च्या मांडणाऱ्यांचे मानले आणि शांतपणे ऐकून घेतल्याबद्दल श्रोत्यांचे विशेष मानले. सवयीने सगळा हॉल टाळ्या वाजवत उठला. मागच्या बाजूचे काही लोक तर सवयीनेच चहाकडे निघाले, त्यांना सलिलने धावत जाऊन परत बसवलं. तेवढ्यात दिवे गेले आणि पडदा उजळला.

दीनानाथ नारळ घेऊन बायकोच्या शेजारी येऊन बसले.

आणि मादाम ओदेत आली. छोट्याशा फ्रेंच गावातल्या औषधवाल्याची बायको, पस्तिशीची, अंगात दुकानाचा पांढरा कोट. नवरा दर गुरुवारी औषधं आणायला मोठ्या शहरात जातो. गोष्ट साठच्या दशकातली, शाळांना तेव्हा तिथे गुरुवारी सुट्टी, म्हणून गावभर पोरांचा गलका. दुपारी दुकान बंद, पण मागच्या दाराची घंटा वाजली की ओदेत उघडते. पियानो जुळवणारा येतो, त्याची पाठ दुखते. पोस्टमन येतो, त्याला झोप लागत नाही. शाळेच्या मुख्याध्यापिका येतात, त्यांना काय होतंय ते त्यांनाच सांगता येत नाही. ओदेत प्रत्येकाचं दुखणं नीट विचारून घेते, आणि मग वरच्या खोलीत जे काही व्हायचं ते होतं. कॅमेरा काही तिथून नजर वळवत नव्हता.

हॉलमध्ये खोकल्याची साथ आली. कुणी गोळीचा कागद सोडवू लागलं, कुणी चष्मा पुसायला काढला आणि पुसतच राहिलं. नीरजाताई ताठ बसून टक लावून बघत होत्या. सुरुवातीला कानशिलं तापली, ते खरं. पण पाचव्या मिनिटाला त्यांच्या लक्षात आलं की हे बघून त्र्याऐंशी साली आपल्याला काहीही झालं नसतं. उलट बरं वाटलं असतं. कारण ओदेत हसत होती. लाडिक नव्हे, पडेल तसं, मनापासून, उशीत तोंड खुपसून हसत होती. पोस्टमन टोपी काढायला विसरला म्हणून हसत होती. बाईला अशा वेळी हसू येऊ शकतं आणि त्यात कुणाचा अपमान नसतो, हे नीरजाताईंना आयुष्यात कुणी पडद्यावर दाखवलं नव्हतं. इतक्या पार्श्वभूमीत, चित्रपट विनोदी आहे, एवढं साधं वाक्य दीनानाथांनी एकदाही कसं उच्चारलं नाही, याचं त्यांना कोडं पडलं.

मग आणखी एक गोष्ट आली जी दीनानाथांनी कधी सांगितली नव्हती. नवरा शहरात जातच नव्हता. समोरच्या कॅफेत खिडकीशी बसून तो मागच्या दाराने कोण येतं-जातं ते बघायचा. शेजारून दीनानाथ ‘अरेच्चा’ म्हणाले. हळूच, पण अगदी खरं. आपण सांगितलेली गोष्ट पुन्हा बघताना माणूस असं म्हणत नाही. नीरजाताईंनी मान वळवली. दीनानाथ पुढे सरकून, नारळ छातीशी धरून, लहान मुलासारखे डोळे मोठे करून बघत होते.

चित्रपट संपत आला. गुरुवारची दुपार, नवरा कॅफेतून उठला, गल्ली ओलांडून स्वतःच्याच घराच्या मागच्या दाराशी येऊन घुटमळत राहिला. स्टेशनचा कुठे पत्ता नव्हता.

‘आगगाडी कुठंय?’ नीरजाताईंनी कानाशी विचारलं.

‘माहीत नाही,’ दीनानाथ म्हणाले. मग म्हणाले, ‘एका मासिकात वाचलं होतं. बहुतेक दुसऱ्याच चित्रपटाचं असावं.’

‘तुम्ही पाहिलेलाच नाहीत.’

‘तू गेलीस त्यानंतर आत जाववलं नाही. बाहेर पायरीवर बसून होतो. मग सगळे बाहेर आले आणि मलाच विचारायला लागले, चिटणीस, कसा वाटला.’

नीरजाताईंना आधी राग आला, चांगला सणसणीत राग आला. मासिकातली आगगाडी या माणसाने आपल्याला इतकी वर्षं जेवणाबरोबर वाढली. आज सकाळी ती उघडी पडेल म्हणून बिचाऱ्याने बास्तीयच्या तुरुंगापासून खिंड लढवली. आणि पायरीवर बसलेला, बिल्ला लावलेला, एकोणतीस वर्षांचा तो सडपातळ दीनानाथ त्यांच्या डोळ्यांपुढे आला. तो आपल्या मागे बसस्टॉपपर्यंत आला नाही, याचं त्यांना अजूनही वाईट वाटलं. पण आतही गेला नाही, हे त्यांना आज कळत होतं. आणि एकदम त्यांना हसू फुटलं. दाबायला गेल्या तर ते आणखी मोठं झालं. पदर तोंडावर धरला तरी ते पदरातून बाहेर यायला लागलं. पडद्यावर वरच्या खोलीत ओदेत हसत होती आणि पहिल्या रांगेत नीरजाताई हसत होत्या.

हॉल गेला दीड तास परीक्षेला बसल्यासारखा बसला होता. नीरजाताईंचं हसू ऐकून आधी जोशांच्या सौभाग्यवती हसल्या, मग शेफाली, मग न्यायाधीश. गाठ सुटावी तसा हॉल सुटला, आणि उरलेली काही मिनिटं मात्र लोकांनी चित्रपटाचा खरा आनंद घेतला. सगळे एवढे कशाला हसताहेत म्हणून साखरपुड्याच्या बायका दारातून हळूच आत येऊन भिंतीशी उभ्या राहिल्या. हिंमतरावांच्या थोरल्या भगिनी मथुराबाई खालीच मांडी घालून बसल्या आणि शेजारणीला म्हणाल्या, ‘बाई लई ग्वाड हासती.’

पडद्यावर नवऱ्याने घंटा वाजवली. दार किंचित उघडलं. नवऱ्याने टोपी काढून, गिऱ्हाइकाने बोलावं तसं विचारलं की आत येऊ का. ओदेतने त्याला वरपासून खालपर्यंत बघितलं आणि विचारलं, ‘तुम्हाला काय होतंय?’ तो हातातली टोपी फिरवत राहिला. ती हसायला लागली, आणि हसता हसताच पडदा पांढरा झाला. सलिलने दिवे लावले तेव्हा एकाला सहा-सात मिनिटं कमी होती.

आभार होऊन गेले असले तरी प्रश्नोत्तरांशिवाय पुणेकर उठत नाहीत. हिंमतराव म्हणाले, एकच घ्या, पावणं खाली आलेत. शेफालीने हात वर केला आणि दीनानाथांना विचारलं, की सर, तुम्ही या फिल्मचे एवढे अभ्यासक आहात, तर शेवटी ओदेत नवऱ्याला आत घेते की नाही?

दीनानाथांनी माइक घेतला. नीरजाताई खुर्चीत पुढे सरकल्या. त्यांना वाटलं, आता हे नेपोलियनवर जाणार. वाचवायला उठावं का, असंही वाटलं, आणि उठण्याची इच्छा आपल्याला खरोखर आहे, हे जाणवून त्या स्वतःशीच चकित झाल्या. दीनानाथांनी नारळ खाली ठेवला, शाल नीट केली आणि म्हणाले, ‘या चित्रपटावर मी चाळीस वर्षं बोलतोय. पाहिला मात्र आज. त्यामुळे तुमच्या प्रश्नाचं उत्तर माझ्याकडे नाही. नीरजाला विचारा, तिला तो कळलाय.’

न्यायाधीशांनी भरलेली वही मिटली. मग मागच्या रांगेतून एक आवाज आला, ‘तरीच पार्श्वभूमी एवढी होती.’ लोक हसले, दीनानाथही हसले, आणि त्यांच्या चेहऱ्यावरचं कसलंसं ओझं उतरलेलं नीरजाताईंना स्पष्ट दिसलं.

माइक त्यांच्या हातात आला. चाळीस वर्षांत या चित्रपटाबद्दल त्यांना कुणी काही विचारलं नव्हतं. त्यांनी शेफालीकडे पाहिलं.

‘घेते,’ त्या म्हणाल्या. ‘पण त्याआधी त्याला जरा दारात उभं करते. तिलाही बघायचं असतं, की हा घंटा पुन्हा वाजवतो का.’

टाळ्या पडल्या. मथुराबाईंनी भिंतीशी बसल्या बसल्या मान डोलावली. मग हिंमतरावांनी सगळ्यांना हाताने ढकलतच खाली नेलं आणि वर झेंडूच्या माळा चढू लागल्या. साखरपुड्याला आलेली माणसं आणि ‘गुरुवार’ला आलेली माणसं जिन्यात एकमेकांत मिसळली, आणि कोण कुठलं ते कळेनासं झाल्यावर मथुराबाईंनी परस्पर फतवा काढला की आता कुणीबी उपाशी जायाचं न्हाई. न्यायाधीशांनी आढेवेढे घेतले आणि सगळ्यांच्या आधी ताट घेतलं.

नीरजाताई आणि दीनानाथ मांडवाच्या कडेला दोन खुर्च्या ओढून बसले. ताटात मसालेभात होता, अळूची भाजी होती, गरम जिलब्या होत्या. दीनानाथांनी मसालेभात संपवला. मग म्हणाले की त्यांना एक कळलं नाही. त्या मुख्याध्यापिका शेवटच्या गुरुवारी पायऱ्या चढून येतात, घंटेला हात लावतात आणि न वाजवता परत जातात, त्या का?

नीरजाताईंच्या मनात याचं उत्तर तयार होतं. त्यांनी जिलबीचा घास खाली ठेवला आणि अगदी पहिल्या प्रसंगापासून सांगायला सुरुवात केली, कारण मुख्याध्यापिकांचं खरं सूत्र तिथे होतं. वाढपी जिलबी घेऊन आला. दीनानाथांनी त्याला हाताने थांबायची खूण केली आणि खुर्ची बायकोच्या आणखी जवळ ओढली.